एवढं पाठ कसं होतं?

परवा दाताच्या डॉक्टरांनी विचारलं. माझं तोंड उघडं, आत नळी, आणि वरून त्यांचा प्रश्न: "तुम्ही नाटकात असता ना? एवढं पाठ कसं करता हो?" मला उत्तर देणं शक्य नव्हतं. लग्नात विचारतात, सोसायटीच्या सत्यनारायणाला विचारतात, एकदा स्मशानातही एकाने विचारलं होतं. चेहरा ओळखीचा वाटतो, नाव काही आठवत नाही, मग पुढे बोलायचं काय, म्हणून सगळे पाठांतरावर येतात. आजवर मी "सवयीचा भाग" म्हणून वेळ मारून नेली. तुम्ही विचारलंत म्हणून आज नीट सांगतो.

माझी वाक्यं मला फारशी पाठ नसतात. समोरच्याची असतात.

आधी माझी वाक्यं असतात तरी किती? शेजारी, वकील, हेडक्लार्क, नवऱ्यामुलीचा मामा ही माझी माणसं. हिंदीत गेलो की हवालदार, फार तर सब-इन्स्पेक्टर. जगदीश राज नावाच्या नटाने 144 सिनेमांत पोलीस इन्स्पेक्टर केला आणि त्याची गिनेस बुकात नोंद झाली. माझी मजल तिथवर नाही, पण खाकी पँट कंबरेत किती सैल करून घ्यायची हे ड्रेसवाल्याला आता मी सांगतो. अशा भूमिकेत बोलणं कमी आणि तिथे असणं जास्त. दोन अंकांत चाळीस वाक्यं म्हणजे आमच्यासाठी चैन. उरलेला वेळ रंगमंचावर बसून तुम्ही काय करणार? ऐकणार. आणि ऐकायचं तर कोण काय बोलणार आहे हे ठाऊक असूनही ते पहिल्यांदाच कानावर पडल्यासारखं ऐकायचं. पाठांतर लागतं ते तिथे.

ही खोड मला प्रॉम्प्टिंगमधून, म्हणजे विंगेत बसून नटांना विसरलेला शब्द पुरवण्यातून, लागली. 1983 साली मी एका बँकेच्या फोर्टमधल्या शाखेत क्लार्क म्हणून चिकटलो. बँकाबँकांतली नाटकमंडळं तेव्हा जोरात होती. संध्याकाळी दादरला उतरून छबिलदास शाळेच्या हॉलमध्ये 'आविष्कार' या संस्थेची नाटकं बघायची, आणि दुसऱ्या दिवशी काउंटरवर नोटा मोजता मोजता त्यातली वाक्यं पुटपुटायची. आमच्या मंडळात मला काम मिळालं ते विंगेतलं: एक लोखंडी खुर्ची, एक टॉर्च आणि मांडीवर संहिता.

प्रॉम्प्टरने शब्द द्यायचा असतो, पण केव्हा? नट थांबलाय की अडकलाय हे ओळखता आलं पाहिजे. थांबलेल्याला शब्द दिलात तर मध्यंतरात तो तुमचा जीव घेतो, अडकलेल्याला दिला नाहीत तर सगळं मंडळ घेतं. मी पायांकडे बघायला शिकलो. थांबलेल्या नटाचे पाय जमिनीवर स्वस्थ असतात. अडकलेल्याच्या पायाचे अंगठे आत वळतात. कोल्हापुरी घातलेली असेल तर ती कुरकुरते. त्या आवाजावर मी पहिला शब्द सोडायचो. पहिला शब्दच, अख्खं वाक्य कधीच द्यायचं नाही. ते प्रेक्षकांनाही ऐकू जातं.

तर अशी तीन वर्षं सगळ्यांची सगळी वाक्यं ऐकत बसलो, आणि 1987 मध्ये एका व्यावसायिक नाटकातल्या नटाला कावीळ झाली. गुरुवारी निरोप आला, शनिवारी शिवाजी मंदिरला प्रयोग. पंचाहत्तर रुपये नाईट. मी उभा राहिलो, पडलो नाही, आणि तेव्हापासून 'रिप्लेसमेंटला याला बोलवा' असा शिक्का बसला तो बसलाच. स्वतःची अशी भूमिका मिळायला पुढे सहा वर्षं गेली. बँक 2001 च्या व्हीआरएसमध्ये, म्हणजे स्वेच्छानिवृत्तीत, सोडली. घरी त्यावरून काय झालं ते इथे नको.

पद्धत विचाराल तर साधी आहे. दोनशेपानी एकरेघी वही. डाव्या पानावर समोरच्याचं वाक्य पूर्ण, अगदी 'हं' आणि 'बरं'सकट. उजव्या पानावर माझ्या वाक्याचा पहिला शब्द, बाकी जागा कोरी. हे हातानेच लिहायचं; झेरॉक्स डोक्यात जात नाही. डोंबिवलीहून व्हीटीपर्यंत उजवं पान हाताने झाकून डावं वाचायचं. समोरच्याचं वाक्य खरोखर आत गेलं असेल तर आपलं उत्तर आपोआप बाहेर येतं. नसेल येत, तर एक तर लेखकाचं चुकलंय किंवा आपण अजून त्या माणसाचं ऐकलेलं नाही. एकदा घाटकोपरच्या आसपास मी जरा मोठ्याने "तुमचा मुलगा मी नाही पळवला!" म्हणालो, तेव्हा चौथ्या सीटवरचा माणूस उभा राहिला आणि शेवटपर्यंत उभाच राहिला.

दुसरं म्हणजे वाक्य पायांत असतं. सोफ्यापासून खिडकीपर्यंत जाताना जे म्हणायचं ते खिडकीपाशी उभं राहून आठवत नाही. दुपारचा प्रयोग बोरिवलीला प्रबोधनकार ठाकरेला आणि रात्रीचा ठाण्याला गडकरीला असला, आणि घाईत सेट लावताना खुर्ची हातभर सरकली, की दोन वाक्यं गळालीच म्हणून समजा. म्हणून प्रयोगाआधी मी सेटवर एक फेरी मारून येतो. नवी मुलं समजतात, काका रंगदेवतेला नमस्कार करतायत. तोही करतो. पण मुख्य म्हणजे खुर्ची बघतो.

आता समोरच्याची वाक्यं कशी कामाला येतात ते बघा. एका कौटुंबिक नाटकात मी शेजारी होतो, दुसऱ्या अंकात जवळजवळ वीस मिनिटं सोफ्यावर पेपर घेऊन बसलेला. नायकाला 'मला विचारलं होतंस का?' हे वाक्य दोनदा होतं, एकदा पान 48 वर, एकदा 61 वर. लेखक मंडळी अशी वाक्यं ठेवतात आणि झोप आमची उडते. त्या रात्री नायकाने 48 वर ते म्हटलं आणि पुढचं 61 चं उचललं. मधली तेरा पानं गेली. त्यात मुलीची एंट्री होती आणि एक पत्र होतं. ते वाचलं गेलं नसतं तर शेवटी बाप घर का सोडतो हे कुणालाच कळलं नसतं. विंगेत मुलगी साडीचा पदर धरून उभी, डोळे एवढे मोठे. नायक जोरात, त्याला पत्ताच नाही. मी पेपरची घडी घातली, सावकाश, आणि म्हणालो, "ते असू दे हो दादा. पण सकाळी पोस्टमन काय देऊन गेला, ते पोरीला विचारलंत का?" हे वाक्य संहितेत नव्हतं. दादांच्या कपाळावर घाम आला, पण त्यांनी वळून मुलीला हाक मारली आणि गाडी 49 वर आली. प्रयोगानंतर ते काही बोलले नाहीत. त्यांच्याकडून माझ्या खोलीत दोन बटाटेवडे आले. नाटकवाल्यांत याचा अर्थ काय तो समजतो.

कॅमेऱ्यापुढचं पाठांतर वेगळं. नाटकातलं वर्षभर मुरलं पाहिजे, इथलं संध्याकाळी धुऊन टाकता आलं पाहिजे. मालिकेच्या सेटवर सीनचा कागद हातात पडतो तेव्हा मेकअप निम्मा झालेला असतो. दिवसभर बसायचं, बारा तासांच्या शिफ्टमध्ये आपलं काम कधी चाळीस मिनिटांचं, आणि पैसे नव्वद दिवसांनी, टीडीएस कापून. पण ऐकण्याची सवय तिथेही सोडत नाही. फिल्मसिटीत एकदा मी सब-इन्स्पेक्टर, समोर मोठा हिरो. आधी मास्टर झाला, म्हणजे सगळा सीन एका फ्रेममध्ये, मग त्याच्यावर सजेशन, म्हणजे माझ्या खांद्यावरून त्याचा चेहरा, मग त्याचा क्लोज, अकरा टेक. मी कॅमेऱ्यामागे उभा राहून अकराही वेळा पूर्ण जीव ओतून क्यू, म्हणजे त्याला उत्तर द्यायला लागणारी माझी वाक्यं, दिले. त्याचा क्लोज ओके झाला आणि तो निघून गेला. दुसरीकडे तारीख होती म्हणे. माझा क्लोज राहिलेला. एका स्टँडला पांढरी चिकटपट्टी लावून मला सांगितलं, हे त्याचे डोळे. असिस्टंट मुलगा कागदावरून वाचत होता, रेल्वेच्या अनाउन्समेंटसारखा. राग आला होता, खोटं कशाला बोलू. पण अकरा वेळा ऐकून हिरोचं प्रत्येक वाक्य, त्याचा सातव्या टेकमधला अडखळलेला श्वाससुद्धा, माझ्याकडे जमा होता. त्या पोराला म्हटलं, बाळा, तू नको वाचूस, नुसता हात खाली कर, मी बघतो. चिकटपट्टीशी बोललो. एका टेकमध्ये झालं.

आता एवढं सगळं सांगितल्यावर तुम्ही विचारणारच, की तुम्ही स्वतः कधी विसरलात का? विसरलो. अख्ख्या भूमिकेत मिळून एकच वाक्य असलेल्या नाटकात. मी ड्रायव्हर होतो, दाराशी येऊन 'बाईसाहेब, गाडी आलीये' एवढंच म्हणायचं. त्या बाईंचं स्वगत चालू होतं. शंभराच्या वर प्रयोग झालेले, मला ते स्वल्पविरामासकट पाठ. त्या रात्री साहित्य संघात पाऊस पत्र्यावर वाजत होता, आणि बाईंनी शेवटची ओळ नेहमीसारखी वर न नेता खाली सोडली, जवळजवळ स्वतःशीच बोलल्यासारखी. मी दाराला टेकून ऐकत राहिलो. त्या थांबल्या. मी ऐकतच होतो. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, ओळ पुन्हा म्हटली. दुसऱ्या खेपेला ती आणखी छान आली. शेवटी त्या स्वतःच खिडकीशी गेल्या आणि म्हणाल्या, "गाडी आली वाटतं."

मी मान डोलावली. नाईटचं पाकीट देताना व्यवस्थापक म्हणाले, "आज तिकीट काढून आला होतात काय?"