मुदत संपलेले अंदाज

आमच्या ग्रंथालयात देणगीची पुस्तकं आली की दोन याद्या होतात: एक दाखल करून घ्यायची, दुसरी रद्दीत काढायची. त्या दिवशी आलेली खोकी एका क्रीडाप्रेमी गृहस्थांच्या निधनानंतर त्यांच्या मुलीने आणून दिली होती. खोली संध्याकाळपर्यंत रिकामी करून हवी होती. खेळांचा विभाग माझ्याकडे असल्यामुळे दोन्ही याद्या मलाच करायच्या होत्या.

वरच्या खोक्यांचं काम भराभर झालं. माणूस खेळतो म्हणूनच संस्कृती घडते, असं मांडणारं योहान हाउझिंगा यांचं १९३८ सालचं ‘होमो लुडेन्स’ होतं. त्रिनिदादच्या क्रिकेटमधून वर्ण, वर्ग आणि साम्राज्य यांचा हिशोब मांडणारं सी. एल. आर. जेम्स यांचं १९६३ सालचं ‘बियाँड अ बाउंडरी’ होतं. शिवाय फुटबॉलच्या प्रेक्षकांवर, स्टेडियमांवर, खेळ आणि राष्ट्रवाद यांच्यावर लिहिलेली पुस्तकं. ही कोणत्याही ग्रंथालयाला हवीतच. त्यांच्या बाबतीत कुणी मला काही विचारणार नव्हतं.

खालच्या खोक्यांत मात्र फॅन्टसी स्पोर्ट्सची वार्षिकं निघाली. गठ्ठेच्या गठ्ठे, पातळ मुखपृष्ठांची, पिवळी पडलेली. देणगीदार ऐन उमेदीत बरीच वर्षं अमेरिकेत नोकरीला होते. तिथल्या मित्रांबरोबर ते फॅन्टसी फुटबॉल (म्हणजे अमेरिकन फुटबॉलवरचं) आणि फॅन्टसी बेसबॉल खेळत. ज्यांना हा प्रकार ठाऊक नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. खऱ्या स्पर्धेतले खरे खेळाडू निवडून प्रत्येकाने आपला कागदावरचा संघ बांधायचा. मग मैदानावर ते खेळाडू जे काही करतील त्याचे गुण आपल्या संघाला. हंगाम सुरू होण्याआधी कुणाला घ्यावं, कुणाला टाळावं हे सांगणारी मार्गदर्शकं दरवर्षी निघतात. हंगाम संपला की ती कुणी उघडूनही पाहत नाही.

ग्रंथपाल सर फेरी मारायला आले आणि गठ्ठ्यांकडे बघून म्हणाले, “ही सगळी दुसऱ्या यादीत. पाच वर्षांपेक्षा जुनी वार्षिकं आपण घेत नाही.”

नियम त्यांनी स्वतःच्या मनाने काढलेला नव्हता आणि तो निरर्थकही नाही. जुन्या करमार्गदर्शिका, जुनी वेळापत्रकं, जुन्या प्रवेशपरीक्षांचे संच साठवत बसलो तर ग्रंथालयाचं गोदाम होईल. मी म्हटलं, “सर, संध्याकाळपर्यंत मला यांच्यावर विचार करू द्या.” ते बरं म्हणून गेले.

देणगीदारांची मुलगी तिथेच होती. पुस्तकांत घरचे कागद राहिलेत का ते तिला बघायचं होतं. एक मार्गदर्शक चाळत ती म्हणाली, “मॅडम, खरं सांगा, बाबांचा हा जुगारच होता ना? आई शेवटपर्यंत हेच म्हणायची.”

तिला बरं वाटावं म्हणून ‘नाही’ म्हणणं मला पटत नव्हतं. पैसे होतेच. या खेळाचा एक उगम १९६० सालचा आहे. विल्यम गॅमसन नावाच्या समाजशास्त्रज्ञाने सहकाऱ्यांना घेऊन बेसबॉलचा असा खेळ सुरू केला आणि त्याला ‘बेसबॉल सेमिनार’ म्हटलं. त्यातही प्रत्येकाने वर्गणी भरली होती. पुढे गॅमसन मिशिगन विद्यापीठात गेले, तसा खेळही गेला. तिथल्याच एका प्राध्यापकाकडून त्याची माहिती डॅनियल ओक्रेंट या विद्यार्थ्याला मिळाली. ओक्रेंट पुढे प्रकाशनव्यवसायात संपादक झाले. १९८० मध्ये त्यांनी न्यूयॉर्कच्या मित्रांना जमवून ‘रोटिसरी लीग’ काढली. ज्या रेस्तराँमध्ये ही मंडळी जमत, त्याचंच नाव लीगला मिळालं. फुटबॉलचा धागा वेगळा आहे: ओकलंड रेडर्स संघाच्या मालकीत वाटा असलेले बिल विंकेनबाख यांनी १९६२ मध्ये त्याचा आराखडा केला.

ओक्रेंट यांची मित्रमंडळी बरीचशी लेखक आणि संपादक होती, आणि हा खेळ पसरण्यामागे मला ही गोष्ट फार मोलाची वाटते. एरवी असा खेळ चार घरांत खेळला जातो आणि तिथेच संपतो. या लोकांनी तो लिहिला. १९८१ मध्ये ओक्रेंट यांचा लेख मासिकात आला. त्याच उन्हाळ्यात बेसबॉल खेळाडूंचा संप झाला, सामने बंद पडले, आणि लिहायला विषय शोधणाऱ्या पत्रकारांना हा खेळ सापडला. १९८४ मध्ये नियमांचं पुस्तकच निघालं. फॅन्टसी स्पोर्ट्स जगभर पसरले ते इंटरनेटमुळे, असं सरसकट म्हटलं जातं. पण इंटरनेट येण्याच्या कितीतरी आधी छापील पुस्तकाने अनोळखी लोकांना एका नियमावलीखाली आणलं होतं.

मुलगी ऐकत होती, पण तिच्या प्रश्नाचं उत्तर अजून व्हायचं होतं. म्हणून मी एक बेसबॉल मार्गदर्शक उघडून तिला खेळाडूंच्या नावापुढचे डॉलरचे आकडे दाखवले. रूढ नियमाप्रमाणे प्रत्येक संघमालकाकडे लिलावासाठी २६० डॉलर असतात आणि त्यात २३ खेळाडू घ्यायचे असतात. बारा मालक असले तर सगळ्यांचे मिळून ३१२० डॉलर आणि २७६ खेळाडू. म्हणजे गुणवत्तेच्या क्रमाने जो २७७वा, त्याची किंमत शून्य, कारण तो कुणालाही फुकट मिळणार आहे. वरच्या प्रत्येकाची किंमत त्या शून्यापासून मोजायची. एखादा खेळाडू किती चांगला आहे एवढं पुरत नाही. त्याच्याऐवजी जो सहज मिळाला असता त्याच्यापेक्षा तो किती चांगला आहे, ते बघायचं. कॅचर, म्हणजे फलंदाजामागे बसून चेंडू झेलणारा, साधारण फलंदाजी करत असला तरी महाग पडतो, कारण बाकीचे कॅचर त्याहून कच्चे असतात.

“म्हणजे बाबा रात्री टेबलावर गणितं करत बसायचे ती ही?” तिने विचारलं.

ही असावीत. नशिबाचा वाटा मोठा असतोच, दुखापत काही सांगून येत नाही. पण सहा महिने चालणारी लीग, ओळखीची माणसं आणि हाताने केलेले हिशोब ही एक गोष्ट. रोज नवी स्पर्धा, रोज नवे पैसे आणि हरल्यावर लगेच पुढचा डाव, ही दुसरी. दुसऱ्या प्रकाराने घरं बुडतात. जुगाराच्या व्यसनावरची पुस्तकं मी याच संग्रहाच्या बाजूच्या कपाटात ठेवते, आणि वाचकाने दोन्हीकडे जावं असं मला मनापासून वाटतं. हे तिला सांगितलं. बाबा कोणत्या प्रकारात होते ते तिला माझ्याहून जास्त माहीत होतं. ती म्हणाली, “पहिल्या. मित्र तेच होते, शेवटपर्यंत.”

मग आम्ही दोघी कागद शोधायला लागलो आणि १९९९ च्या हंगामाचं फुटबॉल मार्गदर्शक हाती आलं.

त्या हंगामाची गोष्ट अमेरिकन फुटबॉलवर लिहिलेल्या कितीतरी पुस्तकांत आहे. सेंट लुइस रॅम्स हा आदल्या वर्षी १६ पैकी १२ सामने हरलेला संघ. त्यांनी ट्रेंट ग्रीन हा नवा क्वार्टरबॅक, म्हणजे चेंडू फेकून संघाची चढाई चालवणारा खेळाडू, आणला. हंगामाच्या तोंडावर, ऑगस्टमधल्या सराव सामन्यात ग्रीनचा गुडघा गेला. त्याच्या जागी कर्ट वॉर्नर आला. त्याला महाविद्यालयातून कोणत्याही संघाने निवडलं नव्हतं आणि एके काळी तो किराणा दुकानात रात्रपाळीला फळ्यांवर माल लावत असे. त्याने त्या हंगामात ४१ टचडाउन पास, म्हणजे थेट गुण मिळवून देणाऱ्या फेकी, दिले, सर्वोत्तम खेळाडूचा मान मिळवला आणि जानेवारी २००० मध्ये रॅम्सने सुपर बोल, म्हणजे अजिंक्यपदाचा अंतिम सामना, जिंकला. आज ही गोष्ट सांगताना सगळे तिचा शेवट माहीत असल्यासारखेच सांगतात. वॉर्नरमध्ये ते आधीपासून दिसत होतं, असं सांगणारेही भेटतात.

आमच्या हातातलं मार्गदर्शक उन्हाळ्यात छापलेलं होतं. त्यात रॅम्सच्या पानावर ग्रीन होता, त्याच्यावर परिच्छेद होता, अंदाज होते. वॉर्नरवर एक ओळसुद्धा नव्हती. सर्व खेळाडूंच्या यादीत पहिलं नाव टेरेल डेव्हिसचं होतं. आदल्या हंगामात त्याने २००८ यार्ड धावून काढले होते, तेव्हा दुसरं कोण असणार? तो चौथ्याच सामन्यात गुडघ्याच्या दुखापतीने बाहेर गेला. नवख्यांमध्ये रिकी विल्यम्सवर पानभर मजकूर होता, कारण एका संघाने त्याच्यासाठी त्या वर्षी नवे खेळाडू निवडण्याच्या आपल्या सगळ्या संधी देऊन टाकल्या होत्या. एडगेरिन जेम्सला त्याच्या खालची जागा होती. हंगाम संपला तेव्हा साऱ्या लीगमध्ये सर्वाधिक धावलेला खेळाडू जेम्स होता.

आणि रॅम्सच्या पानावर समासात पेन्सिलीने ग्रीनच्या नावावर रेघ मारून लिहिलं होतं: “वॉर्नर?” देवनागरीत, प्रश्नचिन्हासकट. खाली ऑगस्टच्या अखेरची तारीख होती.

हे पान बघून मी खरोखर हरखून गेले. निकालांची पुस्तकं आमच्याकडे आहेत, आकडेवारीचे कोश आहेत, खेळाडूंची चरित्रं आहेत. ती सगळी शेवट कळल्यावर लिहिलेली. शेवट कळण्याआधी शहाण्यासुरत्या, अभ्यास केलेल्या माणसांना काय वाटत होतं, याची नोंद त्यांत नाही. ती फक्त या मुदत संपलेल्या वार्षिकांत आहे. अंदाज चुकले म्हणून ही वार्षिकं टाकून दिली, तर खेळाच्या इतिहासात फक्त जे घडलं तेवढंच उरतं. जे घडेल असं वाटत होतं ते पुसलं जातं, आणि मग वॉर्नरचं आश्चर्य नेमकं केवढं होतं तेही कुणाला कळणार नाही.

मुलीने ते पान बराच वेळ हातात धरलं. मग म्हणाली, “त्या ग्रीनचं काय झालं पुढे?” मला हा प्रश्न फार आवडला. ग्रीन पुढे कॅन्सस सिटी चीफ्सकडे गेला, तिथे वर्षानुवर्षं खेळला आणि नावाजला गेला. फॅन्टसीच्या खेळातली मला सलणारी गोष्ट हीच आहे: माणसाचा गुडघा मोडतो आणि हजारो लोक आपल्या कागदी संघाचं नुकसान मोजतात. ‘फॅन्टसीलँड’ या २००६ सालच्या पुस्तकात सॅम वॉकर हा पत्रकार तज्ज्ञांच्या लीगमध्ये उतरतो आणि आपल्या संघातल्या खऱ्या खेळाडूंना जाऊन भेटतो. आकड्यामागे माणूस आहे हे त्या भेटींत पुन्हा पुन्हा समोर येतं. या विषयावर कुणी एकच पुस्तक मागितलं तर मी तेच काढून देते. रॉबर्ट कूव्हर यांची १९६८ ची कादंबरी त्याच्या पुढची. तिच्यातला हिशोबनीस फाशांवर आपली स्वतःची बेसबॉल लीग चालवतो. फाशांच्या एका दानात त्याचा लाडका खेळाडू मरतो आणि तो ते दुःख खऱ्या मरणासारखं भोगतो. तीही याच खोक्यात होती, बऱ्याच वाचनाने सैल झालेली.

संध्याकाळी सर आले. मी ते १९९९ चं पान त्यांच्यासमोर ठेवलं आणि जॅक केरुअॅकचं उदाहरण दिलं. हा अमेरिकन लेखक लहानपणापासून एकट्याने काल्पनिक बेसबॉल खेळत असे. मोटारगाड्यांच्या नावांचे संघ, हाताने केलेली कार्डं, सामन्यांची वार्तापत्रं, सगळं त्याचं स्वतःचं. ते कागद न्यूयॉर्क पब्लिक लायब्ररीने जपले आणि २००९ मध्ये त्यांच्यावर पुस्तक काढलं.

सर म्हणाले, “तो केरुअॅक होता म्हणून जपले.”

बरोबरच आहे. पण नामवंत नसलेल्या माणसांनी खेळ कसा पाहिला, कसा जगला, हे कळायला आपल्याकडे दुसरा पुरावा कोणता आहे? मैदानातल्या बावीस जणांवर शेकडो पुस्तकं निघतात. बाहेरून बघणाऱ्या माणसाने पेन्सिलीने लिहिलेलं क्वचितच टिकतं. मी हे बोलले तेव्हा माझा आवाज चढला असावा, कारण सर खुर्ची ओढून बसले.

त्यांनी सगळं मान्य केलं नाही. ज्यांत एकही हस्तलिखित नोंद नाही आणि जी दुसरीकडे उपलब्ध आहेत, ती वार्षिकं रद्दीतच जातील, असं ठरलं. मला ते पटलेलं नाही, कारण ‘दुसरीकडे’ही पाच वर्षांचाच नियम असणार. पण नोंदी असलेली सगळी राहिली. ती पुस्तकांच्या दशांश वर्गीकरणातल्या ७९५ या क्रमांकात, म्हणजे नशिबाच्या खेळांत टाकावीत असं सरांचं म्हणणं होतं. मी ७९६ चा, मैदानी खेळांचा आग्रह धरला आणि खेळाच्या समाजशास्त्राकडून, म्हणजे ३०६ मधून, तालिकेत आडनोंद दिली. ‘होमो लुडेन्स’ शोधायला आलेला विद्यार्थी या पिवळ्या पानांपर्यंत पोहोचावा म्हणून.

दाखल रजिस्टरच्या शेरा रकान्यात मी लिहिलं: “समासात देणगीदाराच्या हस्तलिखित नोंदी. पुनर्बांधणी करताना कडा कापू नयेत.” पुस्तकांत सापडलेले लिलावांचे कागद मुलीला हवे होते. त्यांच्या प्रती आम्ही ठेवल्या, मूळ कागद तिला दिले. वार्षिकांचा कागद स्वस्त आणि आम्लयुक्त आहे, आत्ताच कडेने तुटतो. त्यासाठी आम्लरहित खोकी लागतील. त्या मागणीचं पत्र मी त्याच संध्याकाळी सरांच्या टेबलावर ठेवलं. अजून मंजुरी आलेली नाही.