सांगोल्याची तारीख
आज कोर्टाच्या तारखेसाठी सांगोल्याला गेलो होतो, समोरचे वकील आले नाहीत म्हणून पुढची तारीख पडली आणि मग स्टॅंडवर पंढरपूर गाडीची वाट बघत तासभर बसलो. शेजारी एक म्हातारे बाबा, धोतर, पांढरी टोपी, पायाशी डाळिंबाची पिशवी. माझा काळा कोट बघून म्हणाले, वकील का? आमचे आबा पण वकीलच की.

आबा म्हणजे गणपतराव देशमुख हे वेगळं सांगायला नको. १९६२ ला पहिल्यांदा आमदार झाले, ते सुद्धा शेकापकडून, म्हणजे शेतकरी कामगार पक्षाकडून, आणि सांगोला ह्या एकाच मतदारसंघातून ११ वेळा निवडून आले. मध्ये १९७२ आणि १९९५ ला पडले पण पक्ष नाही सोडला. दोनदा मंत्री झाले तरी एसटीनेच फिरणारा माणूस.

बाबांनी बोलता बोलता पिशवीतलं एक डाळिंब काढून माझ्या हातात ठेवलं, साल थोडी तडकलेली, आत लालभडक दाणे. म्हणाले, ह्या दुष्काळी भागात पाण्यासाठी आबा किती वर्षं भांडले ते आम्हाला विचारा. बोलताना त्यांचा आवाज जड झाला हो.

३० जुलै २०२१ ला आबा गेले तेव्हा मी बातमी वाचली आणि कामाला लागलो, खरं सांगतो, तेव्हा एवढं जाणवलं नव्हतं. आज जाणवलं. गाडी आली, बाबांना आधी चढवलं, खिडकीची सीट मिळाली त्यांना.

डाळिंब अजून बॅगेत आहे, फोडावंसं वाटेना.