दोन्ही टोकांचा पीळ

रविवार, रात्र

दुपारी १९०६ सालचा एक मूकपट पाहिला. लंडनच्या बर्मंडसी भागातल्या पीक फ्रीन या बिस्किट कंपनीने आपल्याच कारखान्यावर काढून घेतलेला. क्रिक्स अँड शार्प यांचं काम. कारखान्यांच्या जाहिरातपटांमधला हा अगदी सुरुवातीचा. आपण चहात बुडवतो ते मारी बिस्किट याच कंपनीचं, १८७४ मध्ये एका रशियन राजकन्येच्या लग्नानिमित्त काढलेलं. म्हणून तर पाहायला बसले.

कच्चा माल येतो, पीठ मळतात, लाटतात, भाजतात, डब्यांत भरतात, घोडागाड्या बाहेर पडतात. कारखान्याचा स्वतःचा बंबही कवायत करून दाखवतो. लोकांना हे सगळं कशाला दाखवायचं, असं आधी वाटलं. मग इंग्लंडमधल्याच ब्रॅडफर्ड शहरातली गोष्ट आठवली. तिथे १८५८ मध्ये गोळ्यांत साखर वाचवायला स्वस्त भुकटी मिसळायची होती. दुकानदाराकडून चुकून आर्सेनिक दिलं गेलं आणि ती पेपरमिंटची गोळी खाऊन सुमारे २० माणसं गेली. ज्या देशाने हे पाहिलं, तिथे खाऊ विकणाऱ्याने आतलं दार उघडून दाखवणं ही साधी गोष्ट नव्हती. मला तरी ते फार आवडलं.

नजर मात्र अडकली पॅकिंगच्या बायकांवर. नावं कुणाचीच नाहीत, नुसते भराभर चालणारे हात. आणि एकदम आत्या आठवली.

मुंबईतल्या एका गोळ्यांच्या कारखान्यात आत्याने २२ वर्षं पॅकिंग केलं. घरी आली की पदराला संत्र्याच्या अर्काचा वास यायचा. मी हट्ट केला की कागद बांधून दाखवायची. गोळी मधोमध, अंगठ्याने कागद दाबायचा, मग दोन्ही टोकांना एकदम उलटसुलट पीळ. गप्पा माझ्याशी, हाताकडे बघायचीसुद्धा नाही. माझा पीळ नेहमी एका बाजूने सुटायचा. ‘घाई नको गं, आधी दाब,’ म्हणायची.

संध्याकाळी आतेभावाला फोन केला. आत्याचा कामावरचा एखादा फोटो आहे का, विचारलं. नाही म्हणाला. लग्नातले आहेत, आळंदीचा एक आहे.

जेवणं झाल्यावर बटर पेपरचा चौकोन कापला, डब्यातली लिमलेटची गोळी मधोमध ठेवली आणि आधी दाबलं. तिसऱ्या खेपेला पीळ दोन्हीकडे बसला.