समाई

आमचं वॉशिंग मशीन चालतं. कपडे धुतं हे तर झालंच, पण पायांनीही चालतं. कपडे पिळायची वेळ आली की आधी जरा घुटमळतं, मग अंगात आल्यासारखं घुमायला लागतं आणि फरशीवरून सरकत सरकत मोरीच्या उंबऱ्याशी येऊन थांबतं. पाण्याचा पाइप आखूड आहे म्हणून. नाहीतर ते थेट ओट्यापाशी आलं असतं आणि आज भाजी काय, असं विचारलं असतं.

शेवटी दुरुस्तीवाल्याला बोलावलं. त्यानं मशीन उघडलंसुद्धा नाही. एका कोपऱ्यावर तळहात ठेवून दाबलं, मग समोरच्या कोपऱ्यावर. टक. टक. खाली वाकून बॅटरी मारली आणि म्हणाला, "ताई, एक पाय उचललाय हिनं." पायाचा आट्यांचा स्क्रू गंजून बसला होता, तो फिरेना. मग त्यानं मिठाईच्या रिकाम्या खोक्याचं झाकण मागितलं, त्याची चौपदरी घडी केली आणि उचललेल्या पायाखाली सारली. "आणि चादर एकटी टाकू नका. ओली चादर गोळा होऊन एका बाजूला बसते, सगळं वजन तिकडं जातं. मग नाचणारच ना ती."

त्या दिवसापासून आमच्या घरात 'ते मशीन'चं 'ती' झालं.

एक पाय उचललेला, दुसरा खाली कशावर तरी रोवलेला, हे चित्र कुणाच्याही डोक्यात नटराजच उभा करेल. चिदंबरमचा नटराज डावा पाय उचलून उजव्या पायाखाली अपस्मार नावाच्या बुटक्या असुराला दाबून धरतो. आमच्याकडे अपस्माराच्या जागी खोक्याचं झाकण. पण नटराज फार मोठा देव. डमरूच्या चौदा ठोक्यांतून त्यानं पाणिनीला चौदा सूत्रं दिली म्हणतात. जिनिव्हाजवळच्या 'सर्न' प्रयोगशाळेच्या आवारातही त्याची दोन मीटर उंचीची मूर्ती आहे, भारत सरकारनं 2004 साली भेट दिलेली. प्रोटॉनची टक्कर होते त्या आवारात ज्याचा मुक्काम, त्याला आमच्या मोरीत कुठल्या तोंडानं बोलवायचं?

त्यातल्या त्यात जवळचा वाटतो तो घारापुरीचा. शाळेच्या सहलीत लाँचमधून उलट्या करत तिथे पोचले होते. दगडातला नटराज, पण बहुतेक हात तुटलेले, पायही गेलेले. बाई काहीतरी सांगत होत्या आणि मी बघत होते की ह्याला पायच नाहीत, तरी हा नाचतोय हे कळतंय कशावरून? कमरेच्या बाकावरून. हे कळायला मला पुढे बरीच वर्षं लागली. तेव्हा फक्त भूक लागली होती.

तर आपली एखादी लहान, घरगुती देवी असावी असं वाटलं. आपल्याकडे ह्यात काही जगावेगळं नाही. पटकीच्या भयानं गावोगाव मरीआई बसली, बाळाच्या पाचवीला सटवाई येते. दगडाला शेंदूर फासायला आपण कधी कुणाची परवानगी मागितली आहे? मग घराचा ठेका सांभाळणारी एखादी का नको?

नाव लेकीनं ठेवलं. ती कथक शिकते, त्यामुळे तिचं जग समेपासून समेपर्यंत असतं. सम म्हणजे तालाची पहिली मात्रा, फिरून फिरून जिच्यावर यायचं ती. सम राखणारी आई, ती समाई. देव्हाऱ्यात समई आहेच, तिला एक काना दिला की झालं.

समाईला नैवेद्य लागत नाही, उपास नाहीत. ती फक्त सकाळी सहा ते साडेआठ जागृत असते. खाली दूधवाल्याच्या कॅनचं झाकण वाजतं, शेजारी कुणीतरी खोबरं खवतं, आमची लेक दारं लावून 'ता थेई थेई तत्, आ थेई थेई तत्' करत पाय आपटते, मी मिक्सर लावते, मशीन फेर धरतं. वेगवेगळे ऐकले तर सगळेच आवाज डोकं उठवणारे. पण एखाद्या दिवशी लसणीची फोडणी चुर्र होते ती बरोबर लेकीच्या सोळाव्या मात्रेनंतर, आणि आतून ती ओरडते, "आई, सम!" सगळ्याच दिवशी असं होत नाही. दूध नासलेलं, इस्त्रीचे कपडे आलेले नाहीत, अशा दिवसांना आम्ही रूपक तालाचे दिवस म्हणतो. त्या तालाची समच 'खाली', म्हणजे रिकामी असते.

सासूबाईंचा फोन नेमका ह्याच वेळात येतो. "कसला गं गोंधळ चाललाय तिकडे?" असं त्या विचारतात आणि मला मराठीचं कौतुक वाटतं. चौक मांडून, दिवटी पेटवून, संबळ-तुणतुण्यावर तुळजापूरच्या भवानीला, माहूरच्या रेणुकेला नाव घेऊन घेऊन बोलवायचं, रात्रभर गायचं-नाचायचं, त्याचं नाव गोंधळ. आणि पोळपाट सापडत नाही, डबा भरायचा राहिलाय, त्याचंही नाव गोंधळ. मी त्यांना खरं तेच सांगते, "देवीचा."

गेल्या सोमवारी तर समाई प्रसन्नच झाली होती. मशीन झाकणाच्या घडीवर पाय ठेवून एका जागी घुमत होतं. लेक तिहाईवर आली होती. तिहाई म्हणजे एकच तुकडा तीनदा, आणि तिसऱ्याचा शेवट थेट समेवर. तिच्या पहिल्या तुकड्याला कुकरची पहिली शिट्टी झाली. आम्ही दोघींनी एकमेकींकडे बघितलं. दुसऱ्याला दुसरी. मशीन शेवटचे फेर घेत संथ झालं. लेकीनं तिसरा तुकडा घेतला, शेवटचा पाय उचलला आणि तसाच धरला. माझा हात गॅसच्या बटणावर. नवरा ब्रश तोंडात तसाच ठेवून दारात उभा.

तिसरी शिट्टी काही येईना.

"आई, पाय दुखायला लागला."

वाकून बघितलं. सिलिंडर संपला होता.