भटजींच्या जागी काकू

पौरोहित्य करायला निघालेल्या बाईने आधी चतुर्थीचा हिशेब समजून घ्यावा. पार्थिव, म्हणजे मातीच्या गणपतीची स्थापना पहाटेपासून मध्याह्नापर्यंत, म्हणजे साधारण दुपारी दीडपर्यंत करायची. सहाला पहिल्या घरी बसलं तर हातात साडेसात तास. षोडशोपचार पूजा नीट सांगायला पाऊण तास लागतो, आणि एका वाडीतून दुसऱ्या वाडीत जायचं म्हणजे शेवाळलेली पाखाडी (दगडी पायवाट), साकव (ओढ्यावरचा छोटा पूल) आणि भाद्रपदातला पाऊस. आठ घरांच्या वर शब्द देऊ नये. नववं घर घेतलं की निम्मे मंत्र घशातच राहतात आणि यजमान उपाशीपोटी दाराकडे बघत बसतो.

बायकांना पौरोहित्याचा अधिकार आहे का, हा प्रश्न अजूनही ओटीवर कुणीतरी काढतंच. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातली ३९ आणि ४० ही सूक्तं घोषा या स्त्री ऋषीची आहेत. पुण्यात शंकरराव थत्ते यांनी १९७०च्या दशकात बायकांना पौरोहित्य शिकवायला सुरुवात केली, पुढे ज्ञानप्रबोधिनीने जातीचा आणि लिंगाचा भेद न करता पुरोहित तयार केले. एवढं सांगून पाटावर बसावं. चतुर्थीच्या सकाळी वाद घालायला वेळ नसतो.

शिकताना पुरुषसूक्त आधी पक्कं करा. १६ ऋचा, १६ उपचार: पहिलीला आवाहन, सहावीला स्नान, तेरावीला नैवेद्य. ही जोडी डोक्यात बसली की पोथी उघडी ठेवूनही नजर यजमानाच्या हाताकडे राहते, आणि नजर तिथेच हवी. संकल्प मात्र घरून लिहून न्या. शालिवाहन शक, संवत्सर, अयन, ऋतू, मास, पक्ष, तिथी, वार, नक्षत्र. चूक बहुधा दोनच ठिकाणी होते: पाडव्यानंतरही जुनं संवत्सर तोंडात येतं आणि कालचा वार तसाच राहतो. ‘करिष्ये’ हे रूप बाई म्हणो वा बुवा, बदलत नाही, त्यामुळे तिथे अडखळायचं कारण नाही.

नवशिकीचा हात बिघडतो तो स्नानाला. मूर्ती शाडूची, रंग पाण्याचा. पळीभर पाणी घातलं की सोंडेवरून गुलाबी ओघळ थेट पितांबरावर. पंचामृत आणि पाणी ताम्हणातल्या सुपारीवर किंवा धातूच्या गणपतीवर घालायचं. मातीच्या मूर्तीवर दूर्वेने नुसतं प्रोक्षण, म्हणजे पाणी शिंपडणं. प्राणप्रतिष्ठेत डोळ्यांना तूप लावायचं तेही दूर्वेच्या टोकाने, आणि टोक आधी निथळून घ्यायचं. सिंधुदुर्गात मूर्तीच्या वर माटवी, म्हणजे फळं-पानं टांगलेली चौकट बांधलेली असते, समईची ज्योत तिच्या डहाळ्यांपासून लांब ठेवायला सांगा. काडेपेटी प्लास्टिकच्या डबीत न्यावी. यजमानाच्या घरची सादळलेली असणार, हे धरूनच चाला.

लग्न सांगायला घेतलं तर दोघांचे जन्मदाखले स्वतः बघा, वय तोंडी विचारून चालत नाही. मुलगी १८ आणि मुलगा २१ पूर्ण हवा. २००६च्या बालविवाह प्रतिबंध कायद्यात विधी लावणाऱ्यालाही २ वर्षांपर्यंत सक्तमजुरी आणि १ लाखापर्यंत दंड आहे. विवाह नोंदणीच्या अर्जावर पुरोहिताची सही लागते, म्हणजे नाव कागदावर राहतं. १९५५च्या हिंदू विवाह कायद्याप्रमाणे, जिथे सप्तपदी हा विधी आहे तिथे सातवं पाऊल पडलं की लग्न पूर्ण होतं. म्हणून छायाचित्रकारासाठी सप्तपदी पुन्हा घालायला लावू नये. सांगतील, आग्रहही करतील. ठाम नाही म्हणावं.

मासिक पाळीचं विचारतात. आपलं धोरण काय ते बोलावणं घेतानाच सांगून टाकावं. पाळत असाल तर बदली ठरलेली हवी, आयत्या वेळी फोन फिरवून कुणी मिळत नाही.

खरी कसोटी दहाव्याला. नदीवर पिंड मांडून सगळे कावळ्याची वाट बघतात. अर्धा तास जातो, कावळा समोरच्या माडावर बसलेला, खाली येत नाही. मग सुरू होतं: अमक्याची अमुक इच्छा राहिली, धाकट्याने जमिनीचं कबूल करावं, सुनेने हात जोडावे. हे पुरोहिताने वाढू द्यायचं नसतं. वाट किती वेळ बघायची ते आधीच सांगून ठेवायचं, आणि वेळ झाली की दर्भाचा कावळा करून पिंडाला शिवायचा. शास्त्राला तो चालतो. न शिवण्याचं कारण बहुतेकदा साधं असतं: माणसं फार जवळ उभी असतात किंवा शेजारीच दुसऱ्या घरचे पिंड असतात. सगळ्यांना वीस पावलं मागे घ्या.

भटजी नदीवरून किंवा ओटीवरून परत जातात. काकू माजघरात जाऊ शकते, आणि पुष्कळ घरांत जावंच लागतं, कारण नदीवर न आलेल्या बायका तिथे बसलेल्या असतात. सुतकात चहा-पाणी नाही, त्यामुळे निघायची घाई असते, तरी दहा मिनिटं टेकावं. नवरा गेलेली बाई बांगड्यांचं विचारते, कुंकवाचं विचारते, कधी तिची नणंदच विचारते आणि तिला गप्प बसवते. उत्तर सरळ द्यावं: दहाव्याच्या विधीत बांगड्या फोडायला मंत्र नाही. मे २०२२मध्ये कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड ग्रामपंचायतीने विधवा प्रथा बंद करण्याचा ठराव केला आणि त्याच महिन्यात राज्य सरकारने बाकीच्या ग्रामपंचायतींनाही तसं आवाहन केलं, हेही सांगावं. पण ते नणंदेकडे बघून. त्या बाईला फक्त एवढंच विचारावं की तिला स्वतःला काय ठेवायचंय, आणि ती बोलेपर्यंत थांबावं. तेराव्याला पुन्हा जायचं असतंच, तेव्हा सामानाची यादी तिच्या हातात द्यावी, दिराच्या नाही.