पहिली ॲलिस

शनिवार, रात्र

आज जेवणं आटोपल्यावर अमेरिकन अभिनेत्री पर्ट केल्टनचं १९५१ सालचं टीव्हीवरचं प्रहसन पुन्हा लावलं. जेमतेम पाच-सहा मिनिटांचं. ब्रुकलिनमधलं बेताच्या परिस्थितीतलं घर. बसड्रायव्हर राल्फ (जॅकी ग्लीसन) दमूनभागून घरी येतो आणि बायको, ॲलिस (केल्टन), त्याला सांगते, पाव संपलाय, जाऊन घेऊन ये. झालं! एवढ्यावरून जी जुंपते ती थेट खिडकीबाहेर वस्तू फेकण्यापर्यंत जाते. थोड्या वेळाने दारात एक पोलीस येऊन उभा राहतो, पिठाने माखलेला.

'द हनीमूनर्स' या गाजलेल्या अमेरिकन विनोदी मालिकेची सुरुवात इथून झाली. ५ ऑक्टोबर १९५१, ड्यूमॉन्ट वाहिनी, जॅकी ग्लीसनचा 'कॅव्हलकेड ऑफ स्टार्स' हा कार्यक्रम. पिठाने माखलेला तो पोलीस म्हणजे आर्ट कार्नी, जो पुढे शेजारचा नॉर्टन झाला. राल्फ आणि नॉर्टन अमेरिकेत आजही घरोघरी ठाऊक आहेत. पहिली ॲलिस मात्र विचारली तर बहुतेक जण पुढे ती भूमिका करणाऱ्या ऑड्री मेडोजचं नाव सांगतील.

मला केल्टनची ॲलिस जास्त खरी वाटते. चाळिशी ओलांडलेली, चेहऱ्यावर सगळा संसार दिसणारी. ग्लीसन अंगावर धावून आल्यासारखा ओरडतो आणि ही जागची हलत नाही. आवाज रखरखीत, थोडा नाकातला. तो नवऱ्याला घाबरत नाही, पण थकलाय हे लगेच कळतं. मेडोजची ॲलिस भांडण जिंकते. केल्टनची ॲलिस हेच भांडण कालही भांडलेली असते. म्हणून शेवटी दोघांचं गूळपीठ होतं तेव्हा हायसं वाटतं.

हे काही नवशिक्या नटीचं काम नव्हे. १९०७ साली मोंटाना राज्यातल्या ग्रेट फॉल्समध्ये जन्म, आईवडील व्हॉडव्हिलचे, म्हणजे नाच-गाणी-विनोदाच्या रंगमंचावरच्या कार्यक्रमांचे, कलाकार, लहानपणापासून रंगमंचावर. १९२५ मध्ये ब्रॉडवेवर, म्हणजे न्यूयॉर्कच्या व्यावसायिक रंगभूमीवर, 'सनी' हे संगीत नाटक, १९३३ मध्ये 'बेड ऑफ रोझेस' या चित्रपटात कॉन्स्टन्स बेनेटची मैत्रीण. नंतर रेडिओ. थेट प्रक्षेपणात चुकलं तर सावरून घ्यायचं असतं आणि ते तिच्या हाडीमाशी मुरलेलं होतं.

आणि मग १९५२. ग्लीसन सीबीएस या दुसऱ्या वाहिनीवर गेला, कार्नी गेला, केल्टन मात्र नाही. बाहेर सांगितलं गेलं की तिला हृदयाचा त्रास आहे. खरं कारण होतं काळी यादी. जून १९५० मध्ये 'रेड चॅनल्स' नावाची पुस्तिका निघाली होती. तिच्यात रेडिओ-टीव्हीवरच्या १५१ जणांची नावं, कम्युनिस्टांशी संबंध असल्याच्या संशयावरून. कोर्ट नाही, पुरावा नाही. पण जाहिरातदारांना तेवढं पुरत होतं. त्याच वर्षी जीन म्यूर या अभिनेत्रीला नव्या मालिकेचा पहिला भाग होण्याआधीच काढून टाकलं. केल्टनच्या वाट्यालाही तेच आलं.

मला सगळ्यात जास्त चीड येते ती त्या आजाराच्या कारणाची. आरोप उघड केला असता तर निदान उत्तर तरी देता आलं असतं. तब्येतीला काय उत्तर देणार? भूमिका गेली ती गेलीच, वर लोक हळहळले असतील, बिचारी आजारी पडली म्हणून.

तिची कामं पाहायची म्हटली तरी अडतं. तेव्हा व्हिडिओटेप नव्हती. कार्यक्रम चालू असताना टीव्हीच्या पडद्यासमोर सिनेमाचा कॅमेरा लावून चित्रण करत, त्याला किनेस्कोप म्हणत. आज पाहिलेलं प्रहसन तसंच राहिलेलं आहे, कडा पुसट, चेहरे मधूनच पांढरेफटक. ड्यूमॉन्ट १९५६ मध्ये बंद पडली. अभिनेत्री ईडी ॲडम्स यांनी १९९६ मध्ये लायब्ररी ऑफ काँग्रेससमोर साक्ष देताना सांगितलं की सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला या वाहिनीची उरलीसुरली चित्रणं ट्रकमध्ये भरून न्यूयॉर्कच्या खाडीत बुडवली गेली. त्यांत केल्टनचं किती काम गेलं असेल, या विचाराने पोटात तुटतं.

नाटकाने मात्र तिला जवळ केलं. डिसेंबर १९५७ मध्ये 'द म्यूझिक मॅन' हे संगीत नाटक ब्रॉडवेवर आलं, त्यात नायिकेची आई, मिसेस परू. १९६२ च्या चित्रपटातही तीच. तिथली तिची आयरिश ढंगाची बडबड ऐकावी! एवढी ताकद असलेली बाई टीव्हीने घालवली.

साठच्या दशकात ग्लीसनने 'हनीमूनर्स' पुन्हा सुरू केलं तेव्हा केल्टनला बोलावलं. आता ॲलिस होती शीला मॅक्रे, आणि केल्टन झाली ॲलिसची आई, राल्फच्या जिवावर उठलेली सासू. बोलावलं हे चांगलंच झालं. पण मधली वर्षं कुणी भरून दिली नाहीत. १९६८ मध्ये ती गेली, एकसष्टाव्या वर्षी.

सासूची ती प्रहसनं उद्या शोधायची आहेत. पहिल्या ॲलिसचा आवाज आईच्या तोंडून राल्फला कसा झापतो, ते ऐकायचंय.