निम्मा थ्रस्ट

एम.टेक.ला हेलिकॉप्टरच्या रोटरभोवतीची हवा कॉम्प्युटरवर सोडवायला घेतली तेव्हा सरांची अट एकच होती: आधी कॅराडोना-टुंग जुळवून दाखव, मग पुढचं बोलू. नासाने १९८१ साली छापलेला प्रयोग. दोन पाती, पीळ नाही, निमुळती नाहीत, त्रिज्या १.१४३ मीटर, छेद नाका ००१२ या प्रमाणित आकाराचा. हॉवरचा, म्हणजे हवेत एका जागी तरंगण्याचा, कोड तपासायला लोक अजूनही हाच रोटर घेतात.

पात्यांचा कोन ८ अंश, मिनिटाला १२५० फेरे. प्रयोगातल्या गुणांकावरून थ्रस्ट, म्हणजे वर उचलणारा जोर, ५१६ न्यूटनच्या आसपास यायला हवा. मला आला २५१.

मेश, म्हणजे हवेचे छोटे तुकडे (सेल) पाडणारी जाळी, बारीक केली, २५५. टर्ब्युलन्स मॉडेल, म्हणजे हवेच्या खळबळीचं गणित, बदललं, तेवढाच. तीन आठवडे असे गेले. शेवटी टपरीवर एका सीनियरने विचारलं, "पाती किती?"

"दोन."

"आणि तू सोडवलीस किती?"

वेळ वाचावा म्हणून मी अर्धंच वर्तुळ घेतलं होतं, बाकीचं पिरियॉडिक सीमेवर, म्हणजे ‘उरलेलं अर्धं असंच’ या अटीवर, सोपवलेलं. थ्रस्ट एकाच पात्याचा मोजला जात होता. चहाचे पैसे मी दिले.

दुप्पट करून ५१० घेऊन सरांकडे गेलो. त्यांनी आकडा बघितलाच नाही. "टोकाचा भोवरा कुठाय?"

खरी गोची तिथे होती. पात्याच्या टोकावरून सुटलेला भोवरा खाली उतरत आत सरकतो आणि अर्ध्या फेऱ्यात दुसऱ्या पात्याच्या खालून जातो. विमानाचा भोवरा मागे राहून जातो. हॉवरमध्ये तो पायाशीच घोटाळतो. माझा पाव फेऱ्यातच विरघळला होता. भोवऱ्याचा गाभा एवढासा, आणि माझ्या एकेका सेलमध्ये तो अख्खा मावत होता! प्रयोगात पात्यावर पाच ठिकाणी दाब मोजलाय, त्यातल्या ०.९६ त्रिज्येवर माझा आलेख सपशेल चुकला होता. आतल्या बाजूला थ्रस्ट जास्त, टोकाला कमी, म्हणून बेरीज तेवढी जमली होती.

मग भोवऱ्याच्या वाटेवर, गोल जिन्यासारखी, बारीक सेलची नळी रचली. ज्या डब्यात हवा सोडवत होतो त्याच्या भिंती लांब नेल्या, कारण खाली गेलेली हवा भिंतीला लागून वर येऊन पुन्हा रोटरमध्येच शिरत होती. रन चार दिवस चालला.

भोवरा दुसऱ्या पात्याखालून सलग गेला. ०.९६ चा आलेख प्रयोगाच्या ठिपक्यांवर बसला, पात्याच्या पुढच्या कडेजवळचा एक ठिपका सोडून. सरांनी नेमकं त्याच ठिपक्यावर बोट ठेवलं.